‘ताई, माझी तारीख कधी लागेल?’

अंबरनाथच्या शिवमंदिरापासून चालत सात-आठ मिनिटांवर आमच्या संघटनेची एक छोटी खोली आहे. दर बुधवारी दुपारी, कामं आटोपल्यावर आणि पोरं शाळेतून यायच्या आधी, वस्तीतल्या बायका तिथे जमतात. गेल्या पावसाळ्यात अशाच एका बुधवारी एक नवी बाई आली. पस्तिशीच्या आतबाहेरची, चार घरची धुणीभांडी करणारी. रेशनकार्ड ठेवायची प्लास्टिकची पिशवी तिने पदराखालून काढली आणि त्यातून एकेक करत सात कागद सतरंजीवर मांडले. तारीखवार लावलेले. एकाही कागदावर डाग नाही.

“सात केसेस केल्यात ताई मी नवऱ्यावर,” ती म्हणाली. “पण तारीखच लागत नाही. पहिलीला तीन वर्षं झाली. आपला वकील द्यावा लागतो का?”

कागद वाचले. सातही कागदांवर वरच लिहिलेलं होतं : अदखलपात्र.

वस्तीच्या भाषेत एन्सी. म्हणजे काय, तर पोलिसांनी नोंद केली, बाईला तिची प्रत दिली आणि तिथे काम संपलं. मॅजिस्ट्रेटच्या हुकुमाशिवाय पोलीस अशा गुन्ह्याचा तपास करू शकत नाहीत, वॉरंटाशिवाय अटक करू शकत नाहीत. तपास नाही म्हणून दोषारोपपत्र नाही. दोषारोपपत्र नाही म्हणून खटला नाही. मग तारीख कुठून लागणार? तीन वर्षं ही बाई सुरूच न झालेल्या खटल्याच्या तारखेची वाट बघत होती.

पहिल्या चार कागदांवर जुन्या भारतीय दंड संहितेची कलमं होती : ३२३, ५०४, ५०६. पुढच्या तीन कागदांवर नव्या भारतीय न्याय संहितेची : ११५(२), ३५२, ३५१(२). गुन्हे तेच. मारहाण, शिवीगाळ, धमकी. १ जुलै २०२४ पासून कायदा बदलला म्हणून आकडे बदलले. तिला मात्र वाटलं होतं की साहेबांनी आता कलम वाढवून लावलंय, आता नवरा आत जाणार.

पाचव्या कागदाबरोबर सरकारी दवाखान्याचा एक कागद टाचलेला होता. उजव्या हाताचं बोट मोडलं होतं. पोलिसांच्या कागदावर मजकूर होता, घरगुती किरकोळ कारणावरून हाताबुक्क्यांनी मारहाण केली. आता हाड मोडणं म्हणजे कायद्याच्या भाषेत साधी दुखापत नव्हे, ‘जबर दुखापत’. आणि जबर दुखापत करणं हा दखलपात्र गुन्हा आहे. शिवाय नवरा वर्षानुवर्षं जीव घाबरा होईपर्यंत मारतो हे तिने सांगितलं असेल, आणि ती म्हणते दर वेळी सांगितलं, तर ती विवाहितेशी क्रूरतेची वागणूक झाली. जुनं ४९८ अ, आता कलम ८५. तेही दखलपात्र. ‘किरकोळ’ हा एक शब्द पडला आणि तिची तक्रार एका कप्प्यातून दुसऱ्या कप्प्यात गेली.

हे मी तिला समजावून सांगितलं. बराच वेळ ती काही बोलली नाही. मग कागद परत पिशवीत भरता भरता म्हणाली, “मग इतके दिवस मी काय सांभाळत होते?”

बाजूला बसलेली एकजण तिला म्हणाली, “अगं, अदखलपात्र म्हणजे दखल घ्यायची आपली पात्रता नाही.” व्याकरणाने हा अर्थ चूक. पण त्या खोलीत कुणालाच तो चूक वाटला नाही.

त्या दिवसापासून शब्दकोश हा विषय माझ्या डोक्यात घोळतो आहे. फौजदारी कायद्याच्या शब्दांचा मराठी कोश नाही असं नाही. महाराष्ट्र शासनाचं भाषा संचालनालय १९६० साली स्थापन झालं. १९६४ च्या राजभाषा अधिनियमाने राज्याचा कारभार मराठीत करायचा ठरलं. कारभारासाठी शब्द हवेत म्हणून संचालनालयाने कोशांची मोठी मालिकाच काढली. पदनाम कोश, शासनव्यवहार कोश आणि आपल्या विषयाचा न्यायव्यवहार कोश. पुढे १९९८ मध्ये जिल्हा आणि त्याखालच्या न्यायालयांची भाषा मराठी असल्याची अधिसूचना निघाली. ज्यांनी चिकाटीने बसून हजारो शब्दांना प्रतिशब्द शोधले त्यांच्याबद्दल मला आदर आहे. आज हे कोश सरकारी संकेतस्थळावर फुकट बघता येतात, हेही चांगलंच.

पण तो कोश उघडून बघा. आधी इंग्रजी शब्द, इंग्रजी मुळाक्षरांच्या क्रमाने. त्यासमोर मराठी. माझ्यासमोर बसलेल्या बाईच्या हातात मराठी कागद आहे. त्यावरचा ‘अदखलपात्र’ तिला हुडकायचा तर आधी ‘नॉन-कॉग्निझेबल’ माहीत पाहिजे. आणि समजा कुणी तिला तो शब्द काढून दिला, तरी हाती काय लागणार? इंग्रजी शब्दासमोर तोच मराठी शब्द, जो तिच्या कागदावर आधीच आहे. त्याने होतं काय, पुढे कुठे जायचं, किती दिवसांत जायचं, यातलं काही नाही. इंग्रजी कायदा मराठीत आणणाऱ्या अधिकाऱ्यासाठी, अनुवादकासाठी तो केला आहे आणि त्यांचं काम तो चोख करतो.

कोश कुणासाठी केला हे त्याच्या रचनेवरूनच कळतं. शिवाजी महाराजांच्या काळात रघुनाथ पंडितांनी राज्यव्यवहारकोश रचला, तो दरबारातल्या फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देण्यासाठी. १८५५ मध्ये विल्सन या इंग्रज पंडिताने न्याय आणि महसूल खात्यांतल्या देशी शब्दांचा जाडजूड कोश छापला. त्यात मराठी शब्दही आहेत. तो कंपनीच्या साहेबांना इथले कागद कळावेत म्हणून. मग संचालनालयाचा. दरबाराची सोय झाली, साहेबाची झाली, कारकुनाची झाली. पोलीस ठाण्यातल्या बाकड्यावर ताटकळत बसलेल्या बाईला कोश लागेल, हे मात्र अजून कुणाच्या मनात आलेलं दिसत नाही.

गंमत अशी की राज्यव्यवहारकोश होऊन साडेतीनशे वर्षं होत आली, तरी फिर्याद, जबाब, गुन्हा, तारीख, वकील, जामीन हे फारसी-अरबी वळणाचेच शब्द वस्तीत चालतात आणि बाईला तेच कळतात. मला त्यात काही गैर वाटत नाही. अडतं ते अन्वेषण, अभिरक्षा, अभियोक्ता यांच्यापाशी. तपास म्हटलं की कळतं. कोठडी म्हटलं की कळतं. ‘सरकारी अभियोक्ता’ म्हटल्यावर आमच्या एका बाईला वाटलं, हा आपल्यावरच आरोप ठेवणारा माणूस. तिचा तरी काय दोष? खटल्याच्या कागदावर ‘महाराष्ट्र शासन विरुद्ध’ आणि पुढे तिच्या दिराचं नाव. “माझं नाव कुठाय? मार तर मी खाल्लाय.” फौजदारी खटला सरकार चालवतं, मूळ फिर्यादी ही त्यात साक्षीदार असते, हे तिला तोपर्यंत कुणी सांगितलंच नव्हतं.

मराठीत कायद्याचा शब्द नीट बनू शकतो की नाही अशी शंका ज्यांना येते त्यांनी ‘पोटगी’ हा शब्द घ्यावा. अंगठा उठवणाऱ्या आजीपासून न्यायाधीशापर्यंत सगळ्यांना कळतो. त्यात पोट आहे, म्हणून कशासाठी पैसे मागायचे हे समजावून सांगावं लागत नाही. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १२५ आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं १४४ झालं. बायकांना दोन्ही आकडे माहीत नसले तरी त्यांचं काही अडत नाही, त्या सरळ “पोटगीचं करायचंय” म्हणून येतात. नव्या संहितेच्या नावाचं मात्र तसं नाही. फौजदारी म्हटलं की भांडण, पोलीस, तुरुंग असं सगळं डोळ्यांसमोर यायचं. ‘नागरिक सुरक्षा’ म्हटल्यावर काय यावं? युद्धाच्या वेळचे भोंगे?

आता माझीच एक चूक सांगते. मी समाजकार्यात एम.एस.डब्ल्यू. केलं, कायद्याचा पेपर होता, मार्कही बरे पडले. नोकरीच्या दुसऱ्या वर्षी एका मुलीने तिच्या वरिष्ठाविरुद्ध छेडछाडीची फिर्याद दिली होती. आठ-नऊ महिन्यांनी तिला कोर्टाचा एक कागद आला. पोलिसांनी ‘ब समरी’ मागितली आहे, तुमचं म्हणणं असेल तर अमुक तारखेला हजर राहा. तिने फोन करून विचारलं, काय करू? मला वाटलं, समरी म्हणजे सारांश, पोलिसांनी तपासाचा सारांश पाठवला असेल. त्या दिवशी तिची परीक्षा होती. मी म्हटलं, जा परीक्षेला.

समरी म्हणजे सारांश नव्हे. आपल्याकडे पोलीस तपास बंद करायला कोर्टाची परवानगी मागतात तेव्हा तीन प्रकार करतात. अ समरी, म्हणजे गुन्हा घडला पण आरोपी किंवा पुरावा सापडला नाही. ब समरी, म्हणजे फिर्यादच खोटी आणि खोडसाळ. क समरी, म्हणजे धड खरी नाही, धड खोटी नाही, गैरसमजातून किंवा दिवाणी स्वरूपाची. माझ्या त्या मुलीला पोलीस खोटारडी ठरवत होते आणि तिला त्यावर बोलण्याची एक संधी होती. फिर्यादीला कळवल्याशिवाय, तिचं ऐकून घेतल्याशिवाय फाईल बंद करू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्येच भगवंत सिंग खटल्यात सांगितलं आहे. ती संधी माझ्यामुळे गेली. ब समरी मंजूर झाली. पुढे त्या वरिष्ठाने तोच कागद ऑफिसात फिरवला. तिने नोकरी सोडली. ती आता माझ्याशी बोलत नाही.

माझं हे अज्ञान पुस्तकातून जाण्यासारखं होतं. तसं पुस्तक हाताशी नव्हतं.

अर्थ माहीत नसण्यापेक्षा अवघड गोष्ट म्हणजे अर्थ माहीत आहे असं वाटणं. ‘सुटला’ हा शब्द घ्या. आरोपी जामिनावर सुटतो आणि खटला होऊन निर्दोषही सुटतो. वस्तीत बातमी एकच येते, सुटला. मग सासू दारात येऊन म्हणते, “बघ, कोर्टाने सोडला, तूच खोटी.” बाई घाबरून पुढच्या तारखेला जातच नाही. जामीन म्हणजे खटला चालू असताना अटींवर बाहेर राहणं, एवढं एक वाक्य तिला त्या दिवशी कुणी सांगितलं असतं तर किती खटले वाचले असते! तसंच ‘झीरो’. गुन्हा दुसऱ्या हद्दीत घडला असला तरी कुठल्याही ठाण्याने तो शून्य क्रमांकाने नोंदवून घ्यायचा आणि मग योग्य ठाण्याकडे पाठवायचा, ही खरं तर बाईची सोय. नव्या संहितेच्या कलम १७३ मध्ये हद्द कुठलीही असो, खबर नोंदवायची असं आता स्पष्टच म्हटलं आहे. पण बाई येऊन सांगते, “झीरोनं घेतली म्हणे. म्हणजे आपल्या तक्रारीची किंमत शून्य?”

आणि ‘फितूर’. साक्षीदार आधी दिलेल्या जबाबापासून फिरला की त्याला मराठीत फितूर साक्षीदार म्हणतात. आपल्या मुलखात फितूर म्हणजे कोण, हे चौथीतल्या पोरालाही विचारायला नको. किल्ल्याचा दरवाजा शत्रूला उघडून देणारा. नवऱ्याने पोरं काढून घेईन म्हणून दम दिला, भावाने घरात घ्यायला नकार दिला आणि बाई कोर्टात “मला काही आठवत नाही” म्हणाली, की तीही फितूर. १८७२ च्या पुरावा कायद्याच्या कलम १५४ मध्ये असा शब्दच नाही. ज्या पक्षाने साक्षीदार बोलावला त्याला न्यायाधीश स्वतःच्याच साक्षीदाराची उलटतपासणी घेऊ देऊ शकतात, एवढंच तिथे म्हटलं आहे. कायद्याने जी शिवी दिली नाही ती आपण मराठीत आणून बाईला चिकटवली. ‘फिरलेली साक्षीदार’ म्हटलं तर काय बिघडतं? निदान तिला कोणी फिरवली, असा प्रश्न तरी पुढे येईल.

विनयभंगाची गोष्ट तर मुळातून बघण्यासारखी आहे. १८६० च्या दंड संहितेत कलम ३५४ आलं, आता ते कलम ७४. मूळ इंग्रजी शब्दाची व्याख्या कायद्यात दिलेलीच नाही. रूपन देओल बजाज यांनी पंजाबचे तेव्हाचे पोलीस महासंचालक के. पी. एस. गिल यांच्याविरुद्ध १९८८ मधल्या एका पार्टीतल्या वर्तनाबद्दल फिर्याद दिली. ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं तेव्हा, १९९५ मध्ये, न्यायमूर्तींनी काय केलं असेल? शब्दकोश काढले. ऑक्सफर्ड पाहिला, वेब्स्टर पाहिला, आणि मग बाईच्या शालीनतेच्या भावनेला धक्का बसेल असं कृत्य, अशी कसोटी लावली. पुढे गिल दोषी ठरले. देशाचं सर्वोच्च न्यायालय एका शब्दासाठी कोश उघडून बसतं, तर वस्तीतल्या बाईला कोश कशाला, असं कुणी म्हणू नये.

पण मराठीत काय झालं ते बघा. विनय म्हणजे नम्रपणा, मर्यादा. हात पुरुषाने टाकला, भंग कुणाचा? बाईच्या विनयाचा! म्हणजे मुळात ती विनयशील होती की नाही ही चौकशी ओघानेच आली. कपडे कसे होते, हसून बोलत होती का. ठाण्यात बाई सांगते, “त्याने जिन्यात अडवून माझी छाती दाबली.” कागदावर उतरतं, मनास लज्जा उत्पन्न होईल असे कृत्य केले. जिना गेला, छाती गेली, राहिली ती लज्जा. आणि उलटतपासणीत वकील विचारतो, नेमकं काय केलं ते जबाबात का नाही? तिने सांगितलं होतं. मजकूर ‘शुद्ध’ करणाऱ्याने गाळलं. सगळ्या जबाबांच्या शेवटी ‘वाचून दाखवला, माझ्या सांगण्याप्रमाणे बरोबर आहे’ अशा अर्थाचं वाक्य असतंच. कल्याण-उल्हासनगरच्या या पट्ट्यात सिंधी, भोजपुरी, तेलुगू बोलणाऱ्या बायका आहेत. त्याही त्याच मराठी वाक्याखाली सही करतात.

‘बलात्कार’ या शब्दावर आमच्या खोलीत सर्वांत जास्त भांडण झालं. शब्दातच बळ आहे. म्हणून ऐकणारा आपोआप विचारतो, मार कुठे लागला, कपडे फाटले का, ओरडली का नाही. देसाईगंजच्या पोलीस ठाण्यातलं १९७२ चं मथुरा प्रकरण आपल्यातल्या जुन्या कार्यकर्त्यांना सांगायला नको, पण नव्या मुलींसाठी सांगते. नागपूर खंडपीठाने पोलिसांना दिलेली शिक्षा सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये रद्द केली. अंगावर झटापटीच्या खुणा नाहीत, आरडाओरडा नाही, म्हणून ती राजी होती असं धरलं. त्यावर १९७९ मध्ये उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, रघुनाथ केळकर आणि वसुधा धागमवार या चार कायद्याच्या प्राध्यापकांनी सरन्यायाधीशांना उघडं पत्र लिहिलं. त्या पत्राचा एक कणा दोन शब्दांतला फरक हा होता : संमती देणं वेगळं आणि शरण जाणं वेगळं. त्यावरून देशभर बायका रस्त्यावर आल्या आणि १९८३ मध्ये कायदा बदलला. २०१३ च्या दुरुस्तीने तर स्पष्टच लिहिलं की बाईने अंगाने प्रतिकार केला नाही एवढ्यावरून तिची संमती होती असं मानायचं नाही. आजच्या न्याय संहितेतही ते आहे. कायद्यातून बळाची अट गेली. आपल्या शब्दात ती अजून बसलेली आहे.

सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२३ मध्ये बायकांविषयीच्या साचेबंद कल्पनांवर एक पुस्तिका काढली. कुठले इंग्रजी शब्द वकील-न्यायाधीशांनी टाळावेत आणि त्याऐवजी कुठले वापरावेत, याचा तक्ताच तिच्यात आहे. छेडछाडीच्या इंग्रजी शब्दाऐवजी रस्त्यावरचा लैंगिक छळ म्हणा, बलात्काराला ‘जबरदस्तीचा’ असं विशेषण लावू नका, असं त्यात आहे. चांगलं काम. पण इंग्रजीतलं विशेषण काढता येतं. मराठीत ते नामातच आहे, ते कसं काढायचं? वर्तमानपत्रांचा ‘अतिप्रसंग’ तर आणखी वाईट. नेमका कुठला गुन्हा झाला तेच कळत नाही. आमच्यातल्या काहीजणी म्हणाल्या, ‘संमतीविना संभोग’ म्हणू या. त्यावर एका मावशींनी सुनावलं, “बलात्कार म्हटलं की निदान माणूस दचकतो तरी. तुमचा शब्द ऐकून कोण दचकेल?” मला त्यांचंही पटतं. शब्द ठेवावा आणि कोशात त्याखाली मोठ्या अक्षरांत लिहावं, की बळ वापरलं नाही, जखम नाही, तरी हाच गुन्हा. सध्या तरी मी इथपर्यंत आले आहे.

आमचे एक वकील मित्र या सगळ्यावर हसतात. म्हणतात, कोर्टात कलम चालतं, शब्द नाही. तुम्ही शब्दांचा कीस काढत बसता. कोर्टापुरतं त्यांचं खरं असेलही. पण कोर्टाच्या आधी पोलीस ठाणं असतं, त्याच्या आधी घर असतं, आणि बाईचा खटला मरतो तो बहुतेक वेळा तिथेच. कलमाचे आकडे तर शब्दांहून फसवे. ‘चारशेअठ्ठ्याण्णव’ हा आकडा १९८३ मध्ये कायद्यात आला आणि चाळीस वर्षांत मराठी शब्दच होऊन बसला. सासरची माणसं त्याला घाबरायची. आता बाई ठाण्यात जाऊन चारशेअठ्ठ्याण्णव लावा म्हणाली की समोरचा सांगतो, ते कलम बंद झालं. बंद नाही झालं, ८५ झालं, आणि १ जुलै २०२४ च्या आधी घडलेल्या गुन्ह्यांना जुनाच आकडा लागतो. आमच्या शिवमंदिरातल्या शिलालेखाचा शक आधी ७८२ असा वाचला गेला होता, मग तो ९८२ म्हणजे इसवी सन १०६० असल्याचं ठरलं. एक आकडा चुकला आणि दोनशे वर्षांचा फरक पडला. दगडाला घाई नसते. बाईला असते.

अंबरनाथच्या पुढचं स्टेशन बदलापूर. ऑगस्ट २०२४ मध्ये तिथल्या शाळेत चार वर्षांच्या मुलींवर अत्याचार झाल्याचं उघडकीला आलं. तक्रार नोंदवून घेण्यासाठी पालकांना कित्येक तास ताटकळावं लागलं. २० ऑगस्टला लोक रुळांवर उतरले, लोकल बंद पडल्या, उच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली. त्या आठवड्यात आमच्याकडे आयांची रीघ लागली होती. सगळ्यांच्या तोंडी ‘पॉस्को, पॉस्को’. हे पॉक्सो, म्हणजे मुलांना लैंगिक गुन्ह्यांपासून वाचवण्याचा २०१२ चा कायदा, हे सांगण्यातच पहिला दिवस गेला. त्या आया विचारत होत्या ते फार साधं होतं. ठाण्यात गेल्यावर पहिलं वाक्य काय म्हणायचं? बाई पोलीस नाही म्हणून थांबा म्हणाले तर काय म्हणायचं? लिहून घेत नाहीत तर कुणाकडे जायचं? तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर त्याच कलम १७३ मध्ये आहे : वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्याकडे लेखी, तिथेही झालं नाही तर मॅजिस्ट्रेटकडे. दोन ओळींचं उत्तर. ते सापडेल असं एकही मराठी पान मला त्या आठवड्यात त्यांच्या हातात देता आलं नाही.

म्हणून आम्ही एक वही घातली आहे. लांब, जाड पुठ्ठ्याची, किराणा दुकानात उधारी लिहितात तसली. पहिल्या रकान्यात बाई काय म्हणते ते, तिच्याच शब्दांत : जाच, सासुरवास, हात टाकला, नादाला लावलं, टाकली, अंगावर रॉकेल ओतायला आला. दुसऱ्या रकान्यात पोलिसांच्या किंवा कोर्टाच्या कागदावर त्याचं काय होतं आणि काय व्हायला हवं. तिसऱ्यात जुनं कलम, चौथ्यात नवं, शेवटी पुढची पायरी. क्रम मराठी मुळाक्षरांचा. काही रकाने रिकामे राहतात. “रात्री नको म्हटलं तरी सोडत नाही” हे पहिल्या रकान्यात आहे. बायको अठरा वर्षांची असेल तर नवऱ्याच्या या कृत्याला आपला फौजदारी कायदा अजून बलात्कार मानत नाही, म्हणून बलात्काराचं कलम तिथे लिहिता येत नाही. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली अर्ज करता येतो, एवढं शेवटच्या रकान्यात लिहिलं आहे.

वही एका खोलीपुरती आहे. हे काम भाषा संचालनालयाने आणि विधी सेवा प्राधिकरणाने स्त्री संघटनांना बरोबर घेऊन करावं, असं माझं म्हणणं आहे. त्याआधी एक सोपी गोष्ट तर उद्याच करता येईल. बाईच्या हातात एन्सीची प्रत देताना तिच्यावर साध्या मराठीत आणि हिंदीत तीन वाक्यं छापा : याचा तपास आपोआप होणार नाही. तपास हवा असेल तर मॅजिस्ट्रेटकडे अर्ज करा. हा कागद जपून ठेवा, पुढे पुरावा म्हणून कामाला येतो. नव्या संहितेप्रमाणे अशा नोंदी दर पंधरा दिवसांनी मॅजिस्ट्रेटकडे जायच्या आहेत. मग बाईला कळवायला काय हरकत आहे? मोठा कोश होईल तेव्हा होवो.

सात कागदवाल्या बाईने कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली अर्ज केला. सातही कागद त्याला जोडले आहेत, मोडलेल्या बोटाच्या कागदासकट. अंतरिम पोटगी मंजूर झाली, पैसे दोनदाच आले. आता तिला खरी तारीख असते आणि ती प्रत्येक तारखेला जाते. बुधवारीही येते. शाळा चौथीतून सुटलेली, पण तिचं अक्षर आमच्या सगळ्यांपेक्षा वळणदार आहे, म्हणून वही तीच लिहिते.

वाचणाऱ्या मैत्रिणींनी आपापल्या भागात ऐकलेले असे शब्द जरूर कळवावेत, विशेषतः विदर्भ-मराठवाड्यातले आणि गोव्याकडचे, ते आमच्या वहीत नाहीत. येत्या बुधवारी आम्ही ‘तडजोड’ घेणार आहोत.